खालच्या पोत्यांतलं बियाणं

माझ्या बायकोला हे माहीत नाही. मुलाला नाही. याडीला — आम्ही आईला याडी म्हणतो — ती होती तोवर कळलं नाही, आणि ती गेल्यावर आता कुणाला सांगायचं, असं म्हणून मी गप्प राहिलो. खरं तर जिला सांगायला हवं होतं ती बाई माझ्या घरापासून चार घरं सोडून राहते. रोज दिसते. तिला तर मुळीच माहीत नाही. तुम्हाला सांगतोय, कारण तुम्ही मला ओळखत नाही. कारण काही फार चांगलं नाही, पण आहे ते हे आहे.

मी शेतकरी. यवतमाळ जिल्ह्यात, महागावच्या बाजूला आमचा तांडा. कापूस, सोयाबीन, तूर — सगळे घेतात तेच मीही घेतो. पण थोडंफार नाव आहे माझं. पेरणीच्या आधी कृषी सहायक मला बोलावतात, बचत गटाच्या बायकांपुढे सोयाबीनची उगवण चाचणी करून दाखवायला. ओलं गोणपाट अंथरायचं. त्यावर शंभर दाणे मांडायचे, दहा-दहाच्या दहा रांगा. वरून दुसरं गोणपाट टाकून वळकटी करायची, सावलीत ठेवायची, पाणी शिंपडत राहायचं. सातव्या दिवशी उघडून कोंब मोजायचे. सत्तरच्या आसपास आले तर पेरायला हरकत नाही, फारच कमी आले तर ते पोतं बाजारात न्यायचं, वावरात नाही. मी हे छान समजावून सांगतो. मध्येच काही तरी गंमत करतो, बायका तोंडाला पदर लावून हसतात. मग चहा होतो आणि मी घरी येतो.

त्या बायकांत माझी वहिनी कधी नसते. बोलावलं तरी येत नाही. तिचा बियाण्याशी काही संबंध उरलेला नाही, असं ती म्हणते.

ती तसं का म्हणते, हेच सांगायचं आहे. पण सरळ तिथं जाता येत नाही. थोडं मागून यावं लागेल.

आमचे पणजे बैलांच्या पाठीवर मीठ आणि धान्य लादून मुलूखभर फिरायचे. रस्ते झाले, मोटारी आल्या, तो धंदा बुडाला आणि तांडा या माळावर थांबला. तीन पिढ्या झाल्या, तरी खालच्या गावात आम्ही अजून ‘तांड्यावरचे’च. घरात आमची गोरबोली, बाजारात वऱ्हाडी; तुम्हाला समजावं म्हणून घरातलं बोलणंही वऱ्हाडीतच सांगतो. शेती आम्ही गावातल्या जुन्या शेतकऱ्यांकडं बघून शिकलो, आणि शेतीबरोबर त्यांचे नेमही उचलले. त्यातला एक असा — पेरणीच्या तिफणीचं रुमणं, म्हणजे हातात धरून ती हाकायची मूठ, बाईनं धरायचं नाही. बाईचा हात लागला की जमीन रुसते, टाकलेलं उगवत नाही. तिफणीमागं वाकून चालत चाड्यात, म्हणजे बी सोडायच्या वाटीत, दाणे सोडायला मात्र बाई चालते. चालते कसली, बाईच लागते. दिवसभर वाकून चालायला दुसरं कोण मिळणार?

गंमत बघा. याडी सांगायची, तिची आजी लादलेल्या बैलांचा अख्खा तांडा एकटी हाकत न्यायची. गोण्या लादायची, उतरवायची, अडलेल्या बैलाला शिंगाला धरून वळवायची. तेव्हा कुणाच्या पोटात दुखलं नाही. मग आम्ही शेतकरी झालो, आणि बाईच्या हाताला एकदम दोष लागला. खालच्या गावात हा नेम पुढं ढिला पडला. तिथं कुणी आता फार विचारत नाही. आम्ही मात्र घट्ट धरून बसलो. नवीन भाडेकरू घरमालकापेक्षा जास्त सोवळं पाळतो, तसंच काहीसं आमचं झालं असावं.

आता वहिनी.

तिचं नाव जमना. माझ्या मोठ्या भावाची बायको. भाऊ विहिरीवरच्या मोटारीचा करंट लागून गेला तेव्हा त्यांची एकुलती मुलगी ललिता सातवीत होती. मी भावापेक्षा आठ वर्षांनी लहान, नुकतंच लग्न झालेलं. शेत वाटलेलं होतं — चार एकर त्याचं, चार एकर माझं, मध्ये नुसता एक धुरा, म्हणजे बांध. भाऊ गेल्यावर त्या चार एकरांच्या सातबाऱ्यावर वहिनीचं आणि ललिताचं नाव लागलं. कायद्यानं लागतं तसं लागलं, आणि कुणी काही बोललं नाही. बोलायचं काय होतं? नाव कुणाचंही असो, वावर वाहणार मीच, हे सगळ्यांनी धरलेलंच होतं. मीही धरलं होतं. पहिलं वर्ष वाहिलंही.

दुसऱ्या वर्षी ती म्हणाली, यंदा मी पेरीन.

तिचं कारण साधं होतं. आमच्या तांड्यातली अर्धी घरं दिवाळीनंतर ऊसतोडीला जातात. तिथं नवरा-बायकोची जोडी लागते. जोडीलाच एक कोयता म्हणतात. एकट्या बाईला मुकादम अर्धा कोयता म्हणतो आणि टोळीत घेत नाही. म्हणजे वहिनीला जायचं तर कोयत्याचा दुसरा अर्धा भाग ललिता. आठवीतली पोर. शाळा सुटली म्हणजे सुटलीच. वहिनीला तेवढंच नको होतं. चार एकर नीट पिकवले तर टोळीत जावं लागणार नाही, असा तिचा हिशेब होता. आणि तो बरोबर होता. मी तिला दाणे देत होतो, नाही असं नाही — पण मी देणार तेवढेच, आणि मी देणार तेव्हाच.

ती माझ्या बायकोसमोर मला म्हणाली, “भाऊजी, राग नका मानू. तुमच्यावर किती दिस राहू? पोरीले शिकवाचं हाय मले.”

“मी कायले राग मानू?” मी म्हटलं. “पेरा की.”

राग आला होता. आता लपवून काय करू? आठ एकर सलग वाहायची मला वर्षभरात सवय झाली होती. धुऱ्यावरून बैल न थांबवता पलीकडं जायचे. लोक म्हणायचे, सुभाषचं वावर. मला ते ऐकायला बरं वाटायचं.

बियाणं घरचंच होतं. आदल्या हंगामात आठही एकरांतलं सोयाबीन एकाच खळ्यावर काढलं, त्यातलं बियाण्यासाठी वेगळं ठेवलं. सोयाबीनचा दाणा नाजूक. वरचं साल पातळ असतं, पोतं आपटलं किंवा वर ओझं आलं की आतला कोंब मरतो, आणि बाहेरून दाणा दिसतो तसाच पिवळाधमक. वहिनीला हे माहीत होतं. तिनं तेव्हाच सांगितलं होतं, बियाण्याच्या पोत्यांची थप्पी नका लावू. मी निम्मी पोती माळ्यावर मोकळी ठेवली, निम्मी खाली भिंतीशी रचली, आणि त्यांच्यावर तुरीची पोती चढवली. जागा नव्हती. हिवाळाभर त्या थप्पीवर बसून आम्ही चार जण पत्ते खेळलो. इथपर्यंत निष्काळजीपणा म्हणता येईल. इथपर्यंत मला स्वतःलाही काही फार वाटत नाही.

पेरणीच्या तोंडावर तिनं विचारलं, “भाऊजी, बियाणं पाह्यलं का गोणपाटात टाकून?”

“पाह्यलं,” मी म्हटलं. “शंभरात चौऱ्यांशी उगवले. बिनधास्त पेरा.”

आणि तिच्या वाट्याची पोती मी तिच्या ओसरीत नेऊन टाकली. भिंतीशी रचलेली, खालची.

तिला तिफण हाकायची नव्हती. हेही सांगायला हवं, नाही तर वाटेल की ती मुद्दाम नेम मोडायला निघाली होती. तिनं तांड्यातल्या दोघांना विचारलं. पेरणीच्या आठवड्यात कोण मोकळा असतो? एक म्हणाला परवा, दुसरा म्हणाला माझं उरकलं की. मला विचारलं. मी म्हटलं, माझं होऊ द्या, मग करतो. माझं तीन दिवसांत झालं. चौथ्या दिवशी मी महागावला गेलो. काम नव्हतं. पाचव्या दिवशी जमिनीतली ओल उडायला लागली, तशी तिनं सकाळीच बैल जुंपले, रुमणं हातात धरलं आणि मागं चाड्यावर ललिताला उभं केलं.

तिच्या बापाला मुलगा नव्हता. लहानपणी बापाबरोबर तिनं औत हाकलं होतं, चोरून म्हणा, उघड म्हणा. मी त्या दिवशीही बाजाराला गेलो होतो; परत येताना सडकेवरून तिला बघितलं. सायकल थांबवून बराच वेळ बघत राहिलो. तिच्या तिफणीच्या रेघा माझ्यापेक्षा सरळ होत्या. बैल तिचं ऐकत होते. ती ओरडत नव्हती, शेपूट पिळत नव्हती, नुसती जिभेनं टक् टक् करत चालली होती, आणि मागं ती पोर दोन्ही वेण्या फडक्यात बांधून चाड्यात दाणे सोडत होती. सडकेवर आणखी दोघं-तिघं थांबले. संध्याकाळपर्यंत सगळ्या तांड्याला कळलं.

याडी त्या दिवशी जेवली नाही. ती म्हणाली, आता या वावरात काही यायचं नाही. वहिनी दारात उभी राहून ऐकत होती. तिला वाईट वाटलं असेल, पण ती घाबरलेली दिसली नाही. तिचा बियाण्यावर भरवसा होता. चौऱ्यांशी म्हटलं होतं ना मी.

तिच्या पेरणीनंतर सातव्या-आठव्या दिवशी माझं वावर हिरवं झालेलं होतं. धुऱ्यापलीकडं — इकडं एक रोप, तिकडं दोन, मग हातभर मोकळी माती, पुन्हा एक. जे उगवलं होतं ते इतकं सरळ रेघेत होतं, की मधला रिकामा भाग जास्तच दिसत होता. वहिनी पहाटेपासून तिथं बसून बोटानं माती उकरून बघत होती. दाणे सापडत होते. फुगून मऊ पडलेले, वास मारणारे. ते तिनं ओंजळीत आणून मला दाखवले.

“काहून असं झालं, भाऊजी?”

मी दाणे हातात घेतले. उलटेसुलटे करून बघितले. आणि म्हटलं, काही समजत नाही.

बघायला लोक आले. आमच्याकडं अशा वेळी लोक येतातच. त्यांना मोठ्यानं काही म्हणायची गरज नव्हती. धुऱ्याच्या या बाजूला पुरुषानं पेरलेलं, त्या बाजूला बाईनं पेरलेलं. एकच माती, एकच पाणी. डोळ्यांना दिसत होतं ते दिसत होतं. दोन दिवसांनी नायकानं, म्हणजे तांड्याच्या मुख्यानं, लिंबाखाली बैठक बोलावली. पुरुष बसले होते, बायका मागं उभ्या. वहिनी त्यांच्याही मागं.

नायक म्हातारा होता, पण माणूस वाईट नव्हता. उगाच कुणावर काही ढकलायचं नाही, असा त्याचा स्वभाव. हे मी मुद्दाम सांगतो. कारण त्यानं मला विचारलं होतं. सगळ्यांसमोर, नीट, दोनदा.

“सुभाष, तुयं बियाणं अन् जमनाचं बियाणं एकच होतं का रे?”

“एकच. एका खळ्यातलं.”

“अन् तपासलं होतं?”

“हो. शंभरात चौऱ्यांशी.”

एवढंच. त्याच्यानंतर मला कुणी काही विचारलं नाही. विचारायला उरलंच काय होतं? बियाणं एक, जमीन एक, दिवसांचा फरक दोन-चार. राहिला तो हात.

वहिनी मागून म्हणाली, “मले एकडाव अजून पेरू द्या. अजून टाइम गेला नाही. मायाच हाताले दोष असंल तं मंग मीच सोडून देईन.”

एका म्हाताऱ्या बाईनं एवढंच म्हटलं की एका वावरावर भागलं तर बरं, सगळ्या तांड्यावर येऊ नये. ठरलं ते असं — वहिनीनं रुमण्याला हात लावायचा नाही, तिचं वावर दिरानं वाहायचं, तिला वर्षाचे दाणे द्यायचे. माझ्याकडं बघून नायकानं विचारलं, “जमंल ना तुले?” मी मान हलवली. जरा जड झाल्यासारखी हलवली, जबाबदारी अंगावर पडल्यावर हलवतात तशी.

आणि मग काय केलं मी? पंधरा दिवसांनी त्याच वावरात वखर घालून तूर पेरली. चांगलं, निवडून ठेवलेलं बियाणं. ती अशी दाट आली, की लोक सडकेवर थांबून बघायचे. वहिनीही बघायची. तिच्या मनात थोडी शंका उरली असेल तर ती तुरीनं मिटवली असणार. तीच जमीन, पुरुषाचा हात लागला आणि उगवली.

दिवाळीनंतर ती ललिताला घेऊन टोळीत गेली. वर्षाच्या दाण्यांवर दोन माणसांचं भागत नाही, हे मला बैठकीतच माहीत होतं. ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत भांडी, सरपण, एक शेळी, आणि त्यावर बसलेली ललिता. दप्तर घेतलं होतं तिनं बरोबर. तिथं जाऊन वाचीन म्हणाली. पुढच्या वर्षी दप्तर घेतलं नाही. सतराव्या वर्षी तिचं लग्न झालं, टोळीतल्याच एका मुलाशी. लग्नात मी वऱ्हाडाची व्यवस्था बघितली. धावपळ पुष्कळ केली, सगळे म्हणाले, काका असावा तर असा.

इथं मला थांबता आलं असतं. बरीच वर्षं मी मनातल्या मनात ही गोष्ट सांगताना इथंच थांबायचो, आणि शेवटी एक वाक्य जोडायचो — चाचणी राहून गेली होती, घाईत आकडा ठोकून दिला, आणि पुढं तोंड उघडायची हिंमत झाली नाही. भित्रेपणा. भित्रेपणा कबूल करायला माणसाला फार जड जात नाही. कुणीही मान डोलावतं. तुम्हालाही मी तेच सांगून उठणार होतो.

पण चाचणी राहिली नव्हती. चाचणी मी केली होती.

दोन केल्या होत्या. माळ्यावरच्या पोत्यांतले शंभर दाणे एका गोणपाटात, खालच्या थप्पीतले शंभर दुसऱ्यात. घराच्या मागं, रांजणाच्या सावलीला. सातव्या दिवशी दोन्ही उघडली. पहिल्यात चौऱ्यांशी. दुसऱ्यात एकतीस. मला वाटलं मोजण्यात चुकलो. पुन्हा मोजले. एकतीस. ते गोणपाट मी उकिरड्यावर झटकलं, हात धुतले, आणि त्याच संध्याकाळी तिनं विचारलं तेव्हा तिला पहिल्या गोणपाटाचा आकडा सांगितला. दुसऱ्या दिवशी खालची पोती तिच्या ओसरीत नेली.

का? हे मी स्वतःला इतक्यांदा विचारलंय, की आता प्रश्नच गुळगुळीत झाला आहे. चांगलं बियाणं आठ एकरांना पुरलं नसतं, हे खरं आहे. पण वाटून घेता आलं असतं, बाकीचं गावातून बदलून आणता आलं असतं. तिला नुसतं सांगितलं असतं तरी तिनं दाट पेरून, नाही तर ज्वारी टाकून वेळ निभावली असती. तिला सगळं येत होतं. तीच तर अडचण होती. थोडं उगवेल, थोडं नाही, ती हिरमुसेल आणि पुढच्या वर्षी स्वतःच म्हणेल, भाऊजी, तुम्हीच वाहा — एवढं माझ्या मनात होतं. ते वावर मला हवं होतं. ती रुमणं धरेल हे मला माहीत नव्हतं. तिनं ते धरलं तेव्हा, त्या सडकेवर, सायकल घेऊन उभा असताना — माझ्या पोटातली भीती गेली. आता बियाण्याबद्दल कुणी विचारणार नाही, हे मला तिथंच कळलं होतं. मला बरं वाटलं. हे वाक्य म्हणायला इतकी वर्षं लागली. मला बरं वाटलं होतं.

त्या नेमावर माझा विश्वास होता का? नव्हता. एक दिवसही नव्हता. ज्यानं एकतीस मोजले तो कसा विश्वास ठेवील? तांड्यात तो खरा मानणारे होते, याडी होती, नायक होता, त्यांना निदान तेवढं तरी म्हणता येतं. मला तेही नाही.

विश्वास बसला तो वहिनीचा. हे मी धरलं नव्हतं. मला वाटलं होतं ती भांडेल, माहेरी जाऊन कुणाला तरी आणेल, तहसीलला जाईल, सातबारा घेऊन उभी राहील. काही वर्षं मी त्याची वाट बघत होतो, थोडी भीती, थोडी — काय म्हणू — आशाच. तसं काही झालं नाही. तिनं आधी रुमणं सोडलं, मग चाड्यावर जाणंही सोडलं. लोकांच्या वावरात निंदायला जाते, कापूस वेचायला जाते, पण पेरणीचे आठ दिवस घराबाहेर पडत नाही. दारातल्या परसात मिरचीचं रोप लावायचं असलं तरी शेजारणीला हाक मारते. एकदा माझ्या बायकोनं सांगितलं, पेरणीला निघालेल्या बायका समोरून आल्या की ती बाजूला होते. कुणी सांगितलेलं नाही तिला. माझी बायको म्हणाली, किती समजूतदार आहे बघा. मी पेपर वाचत होतो, तो वाचत राहिलो.

सातबाऱ्यावर अजून तिचंच नाव आहे. वावर मी वाहतो. मधला धुरा मी कधीच मोडला, त्याला आता बरीच वर्षं झाली. नव्या माणसाला दाखवलं तर कुठून कुठपर्यंत तिचं, ते सांगता येणार नाही.

यंदा उन्हाळ्याच्या सुट्टीत ललिताची मुलगी आजीकडं राहायला आली होती. सहा वर्षांची, तोंडाची टकळी सतत चालू. शाळेतून कुणी तरी तिला वालाच्या बिया दिल्या होत्या, वेल लावायला. ती आजीच्या मागं लागली, आजी, तू टाक. वहिनीनं हात पदराखाली घेतले. मी तिच्या शेजाऱ्याच्या अंगणात बसलो होतो, ऐकू येत होतं सगळं.

“मायाच्यानं नाही उगवत, बाई. त्या आजोबाले बलाव. त्यायचा हात चांगला हाय.”

पोर मला बोलवायला आली. मी गेलो. काठीनं चार खड्डे केले, पोरीसमोर हात केला. तिनं बिया माझ्या हातावर ठेवल्या. मी म्हटलं, एक तू टाक. तिनं स्वतःच्या हाताकडं बघितलं, मग तो फ्रॉकला पुसला, आणि मागं लपवला.

“माया हात बी आजीसारखा असंल तं?”

“नाही,” मी म्हटलं. “तुया चांगला आहे.”

“अन् आजीचा?”

वहिनी दारातच उभी होती, माझ्याकडं बघत. तांब्या शेजारी भरून ठेवलेला होता. मी चारही बिया टाकल्या, वरून माती सारली, आणि पोरीला म्हटलं, पाणी हळू घाल, नाही तर बिया वर येतील.